मातालेनाचा पगार

मुलांनो, एक कागद डोळ्यांसमोर आणा. पांढरा, गुळगुळीत, सरकारी. त्यावर बारीक अक्षरांत पुष्कळ प्रश्न आहेत आणि प्रत्येक प्रश्नापुढे एक चौकोन आहे. अकराव्या प्रश्नापाशी थांबा. तिथे विचारलंय, अर्जदाराची मुले किती? चौकोन एवढासा, एक आकडा मावेल इतकाच. आता समजा, पेन तुमच्या हातात आहे आणि समोर वाइओला नावाची बाई चटईवर मांडी घालून बसली आहे. तुम्ही विचारलंत, "मुलं किती गं तुला?" ती म्हणाली, "दोन." तुम्ही काय लिहाल?

दोनच लिहाल. मीही दोनच लिहिलं.

या गोष्टीला आठ वर्षं झाली. सामोआच्या दक्षिण किनाऱ्यावर आमचं वाईसिगा गाव आहे, तिथल्या शाळेत मी एकेचाळीस वर्षं शिकवलं. गावात इंग्रजी कागद आला की तो अजूनही आधी माझ्या घरी येतो. जमिनीचा असो, बोटीच्या इंजिनाचा असो, नाहीतर न्यूझीलंडचा. न्यूझीलंडचे सर्वांत जास्त. दरवर्षी तो देश चिठ्ठ्या काढून आमच्यातल्या काही जणांना कायमचं राहायला बोलावतो. त्या वर्षी वाइओलाच्या नवऱ्याची, सेमीची चिठ्ठी निघाली. दोघं अर्ज भरायला माझ्याकडे आली तेव्हा वाइओलाची थोरली बहीण मातालेनाही सोबत होती. मातालेनाच्या मांडीवर तीन वर्षांची सिएनी झोपली होती, तोंड उघडं टाकून.

ही सिएनी वाइओलाच्या पोटची.

थांबा, लगेच हात वर करू नका. आधी ऐका. मातालेनाला मूल नव्हतं. सिएनी पाच महिन्यांची असताना वाइओलाने तिला उचललं, तिची दोन झबली आणि एक दुपटं घेतलं, आणि चार घरं ओलांडून बहिणीच्या मांडीवर नेऊन ठेवलं. मातालेनाच्या नवऱ्याने, तावीताने, डुक्कर भाजलं. पाद्रीबाबांनी प्रार्थना म्हटली. सगळं गाव जेवलं. झालं. आमच्याकडे याला 'दिली' म्हणतात. कागद करत नाहीत. अख्ख्या गावाने जेवून पाहिलेलं आहे, आता कागद कुणाला दाखवायचा?

आणि एकदा दिली की दिली. त्यानंतर मातालेनासमोर कुणी सिएनीला 'वाइओलाची मुलगी' म्हणत नसे. तसं म्हणणं म्हणजे मातालेनाच्या तोंडावर सांगणं, की बाई, तुला काही जमलं नाही, मूल परत कर. माझ्या घरात त्या दिवशी वाइओलाने मुलं तीन म्हटलं असतं, तर मातालेना एक अक्षर न बोलता उठली असती, झोपलेलं मूल तिने तिथेच चटईवर ठेवलं असतं आणि निघून गेली असती. मग त्या दोघी बहिणी पुन्हा कधी एका पंगतीला बसल्या नसत्या. म्हणून दोन. इओआने आणि लुसिया, दोन. वाइओला खोटं बोलली नाही. मी खोटं लिहिलं नाही. हे नीट ध्यानात ठेवा, कारण पुढे सगळे याच्या उलट सांगणार आहेत.

वाइओला आणि सेमी ऑकलंडला गेली. ती एका हॉस्पिटलच्या धुलाईखान्यात लागली, तो मांसाच्या थंड गोदामात. सिएनी इथे वाढली. मातालेना तिची आई. वाइओला तिची मावशी, फोनमधली. सिएनी चार वर्षांची असताना तावीता वारला. मग त्या घरात दोघीच उरल्या. मातालेना तिला रोज पहाटे ब्रेडफ्रूट भाजून द्यायची, वेणी घालायची आणि माझ्या वर्गाच्या दारापर्यंत आणून सोडायची. मुलगी हुशार. वाचताना बोट ठेवत नाही, आणि चुकीचं उत्तर ऐकलं की तिच्या कपाळाला आठी पडते.

गेल्या वर्षी मातालेनाचा मधुमेह मूत्रपिंडात उतरला. ईस्टरच्या आठवड्यात ती गेली. सिएनी अकरा वर्षांची.

वाइओला उसने पैसे काढून पाच दिवसांसाठी आली. बहिणीला पोचवली, चटया आणि मासळीच्या डब्यांच्या पेट्या पाहुण्यांना वाटल्या, आणि निघायच्या आदल्या दुपारी सिएनीला जवळ घेऊन विचारलं, "येतेस माझ्याकडे?"

सिएनी म्हणाली, "लुसियाने दुमजली पलंगाची खालची बाजू माझ्यासाठी ठेवलीय म्हणाली. खरं का?"

"खरं. वर चढायला तिला भीती वाटते, तरी ठेवलीय."

"मग येते."

एवढंच. मुलीला जायचं होतं. आईची मांडी गेली, आता जिने जन्म दिला तिच्याकडे जायचं, भावाबहिणींकडे जायचं. देणारीकडे परत येणं हेही आमच्याकडे नवं नाही. मी वाइओलाला म्हटलं, तू जा, अर्जाचं मी पाहते. तोपर्यंत पोर माझ्याकडे राहील.

आणि मग सुरू झालं.

अर्जाची फी. पासपोर्टची फी. राजधानीत, आपियाला, एका ठरावीक डॉक्टरकडेच तपासणी, दुसरा डॉक्टर चालत नाही. छातीचा फोटो. जन्माच्या दाखल्याचं भाषांतर. ते मी फुकट केलं असतं, पण शिक्क्याचं भाषांतर हवं होतं, आणि शिक्का फुकट मिळत नाही. प्रत्येक वेळी बसने दीड तास जायचं, दीड तास यायचं. तपासणीचा कागद तीन महिने चालतो. तो पाठवल्यावर तिकडच्या ऑफिसने दुसरा एक कागद मागितला, तो येईपर्यंत तीन महिने उलटले, आणि पत्र आलं की तपासणीचा कागद जुना झाला, नवा काढा. सिएनी पुन्हा त्याच डॉक्टरसमोर उघड्या छातीने उभी राहिली. तो म्हणाला, "अरे वा, तू पुन्हा?" त्याला गंमत वाटली. तिला नाही वाटली आणि मला तर मुळीच नाही.

मग डीएनए. ही वाइओलाचीच मुलगी कशावरून? सिएनीच्या गालाच्या आतून कापसाची काडी फिरवली, तिकडे वाइओलाच्या गालातून फिरवली. त्या दोन काड्यांसाठी वाइओला सहा आठवडे रविवारीसुद्धा चादरी इस्त्री करत होती. उत्तर काय आलं? वाइओलाचीच मुलगी. हे वाईसिगातल्या कुठल्याही शेंबड्या पोराने त्यांना फुकट सांगितलं असतं.

मी त्यांना त्या वेळी शिव्या दिल्या नाहीत. माझा स्वभाव नाही. मुलाला एक गणित वीसदा समजावलं तरी माझा आवाज चढत नाही, हे गावाला माहीत आहे. पण डीएनएनंतर तीन आठवड्यांनी जे पत्र आलं ते वाचून मी चहाचा कप इतक्या जोरात ठेवला की त्याचा कान तुटला.

पत्रात लिहिलं होतं, ही मुलगी अर्जदाराची असल्याचे सिद्ध झाले आहे. मात्र आठ वर्षांपूर्वीच्या मूळ अर्जात तिचा उल्लेख नाही. तेव्हा माहिती का लपवली, याचा लेखी खुलासा तीस दिवसांत करावा.

म्हणजे बघा, आधी म्हणाले, तुझी नाही, सिद्ध कर. सहा आठवडे चादरी इस्त्री करून सिद्ध केलं. मग म्हणाले, तुझी आहे ना, मग चोर तू.

पत्र घेऊन मी फिलिपोकडे गेले. फिलिपो माझाच विद्यार्थी, शुद्धलेखनात कायम नापास. आता आपियाच्या बाजारामागे कापडाच्या दुकानाच्या माडीवर तो व्हिसाचा सल्ला देतो. सिएनीला घेऊन गेले होते, ती खिडकीशी बसली.

"या बाई, या. छडी आणलीत का?"

"नाही. तुझी फी ऐकली तेव्हा वाटलं, आणायला हवी होती."

"तुमच्यासाठी निम्मी हो. निम्म्यातसुद्धा मला तुमचा धाक वाटतो." त्याने पत्र वाचलं. हसू गेलं. दुसऱ्यांदा वाचलं आणि पालथं ठेवलं. "बाई, आता तुमच्यासारखं फळ्यावर मांडून सांगतो. मुलगी दिली होती म्हणालात, तर ती मातालेनाची. मग वाइओला कोण? मावशी. मावशीला अर्जच करता येत नाही. खलास. दिली नव्हती म्हणालात, तर अकराव्या चौकोनात दोन का लिहिलं? लपवलं. तेही खलास, आणि वर वाइओलाच्या स्वतःच्या कागदांमागे लागतील ते वेगळंच."

"मग काय झालं ते जसंच्या तसं लिहू. दिली होती. जिला दिली ती गेली. आता मुलगी परत येतेय. हजार वर्षं आपल्याकडे असंच चालतं."

"हजार वर्षांसाठी त्यांच्या कागदावर चौकोन नाही बाई."

"चौकोन नसेल तर मागे लिहू."

"मागचं कुणी वाचत नाही." त्याने वाइओलाने पाठवलेली जाडजूड थैली पुढे ओढली. "पण वाट आहे. ही बघा. वाइओलाने आठ वर्षं दर महिन्याला पैसे पाठवलेत, त्याच्या पावत्या. प्रत्येक पावतीवर नाव मातालेनाचं. हे काय आहे, सांगा."

"बहिणीने बहिणीला पाठवलेले पैसे आहेत. त्यातले अर्धे त्यांच्या म्हाताऱ्या बापाच्या औषधाला जायचे, तो होता तोवर. उरलेले चर्चच्या छपराला."

"चूक. शून्य गुण." त्याने पावत्यांवर हात आपटला. "हा पगार आहे. वाइओला परदेशी कामाला गेली, जाताना मुलगी सांभाळायला बाई ठेवली, बाईला महिन्याच्या महिन्याला पगार दिला. बाई योगायोगाने बहीण निघाली. मुलगी एक दिवससुद्धा कुणाला दिली नव्हती. पटतं की नाही?"

"ती जायच्या आधीही तीन वर्षं पोर मातालेनाकडेच होती."

"त्याची पावती आहे? नाही ना? मग ते झालंच नाही."

"आणि अकराव्या चौकोनातलं दोन?"

फिलिपोने टेबलावरचं पेन उचललं, पुन्हा ठेवलं. "ते लिहिणाऱ्याने चुकीचं लिहिलं. म्हातारी शिक्षिका, नजर कमी, तीनच्या ठिकाणी दोन पडलं. बाई, तुम्हाला कोण काय करणार आहे?"

"माझं नाव लाव," मी म्हणाले. "माझं काही अडत नाही." आणि खरंच, तेवढ्याचं मला काही वाटलं नाही. "पण मातालेना मोलकरीण नव्हती."

"ती आता नाहीये बाई. ज्या आहेत त्यांचं बघायला नको का? तुमचं एक निवेदन, वाइओलाचं एक, आणि मुलीच्या सहीचंही एक जोडा. अकरा वर्षांच्या मुलीने स्वतः लिहून दिलं की त्यांना बरं वाटतं. आणि हे बघ गं," तो खिडकीकडे वळला, "आजपासून वाइओलाला मावशी म्हणायचं नाही. आई म्हणायचं. फोनवरसुद्धा. उद्या बोलावलं आणि तुझ्या तोंडून मावशी निघालं, तर लुसियाला तो पलंग एकटीलाच पुरेल."

सिएनी त्याच्याकडे बघत राहिली. म्हणाली, "तुम्हाला बाईंनी नापास केलं होतं ना?"

"तीनदा."

"हं," एवढंच म्हणून ती पुन्हा खिडकीबाहेर बघू लागली.

त्या संध्याकाळी मी ऑकलंडला फोन लावला. वाइओला कामावर होती, मागे यंत्रांचा घरघराट. मी सगळं सांगितलं. तिने ऐकून घेतलं. मग म्हणाली, "बाई, मी माझ्या बहिणीला पगार देत होते?"

"असं लिहायचं म्हणतो तो."

"त्याला विचारा, माझ्या मुलीला गोवर आला तेव्हा ती नऊ रात्री बसून होती, त्याचा दर त्याने काय लावलाय? आणि मी दूध आटवायला छाती बांधून घेतली होती बाई, दिली तेव्हा. मोलकरणीकडे मूल ठेवताना कुणी असं करतं का? तेही लिहा की."

"वाइओला."

"नाही, लिहा ना. कुठल्या चौकोनात बसतं ते बघा." यंत्र कुणीतरी बंद केलं असावं, कारण तिचा आवाज एकदम मोठा ऐकू आला. मग तो खाली गेला. "लिहा बाई. काय लिहायचं ते लिहा. मला माझी मुलगी हवीय. तुम्ही लिहाल तेच मी इकडून उतरवून सही करते."

मी लिहिलं.

मी एकेचाळीस वर्षं मुलांना काय शिकवलं ते तुम्हाला ठाऊक आहे, कारण तुम्हालाही कुणीतरी तेच शिकवलं असेल. उत्तर येत नसेल तर रिकामं सोड, पण दुसऱ्याचं चोरू नको. आणि मी, त्याच टेबलावर, त्याच स्वच्छ अक्षरात एका मेलेल्या बाईकडून तिची मुलगी चोरून घेतली. माझं निवेदन पाच ओळींचं झालं. सिएनीचं दहा ओळींचं. वाक्यं इतकी सुरेख आली की मला माझीच किळस वाटली.

सहीचाही प्रश्न होता. आमच्याकडे मूल बापाचं नाव आडनाव म्हणून लावतं. शाळेत ती पहिलीपासून सिएनी तावीता. कागदावर हवं होतं सिएनी सेमी. हे नाव तिने जन्मात कधी लिहिलं नव्हतं. मी वहीचं पान काढून दिलं, म्हटलं, वीस वेळा लिही, हात बसू दे. तिने लिहिलं. वीस झाल्यावर विचारलं, "बाई, तावीता बाबा पण पगारी होते का?"

मी म्हटलं, "पान पुरं कर."

तीस दिवसांतला शेवटचा दिवस शुक्रवार. आपियाला ऑफिसच्या खिडकीवर पाकीट द्यायचं, म्हणून आठची बस धरायची होती. सात वाजता सिएनी आंघोळ करून, केस बांधून तयार. मी कागद पुढे ठेवला आणि पेन दिलं. तिने वाचला. ती न वाचता सही करणाऱ्यांतली नाही. कुणी शिकवलं तिला ते, मीच.

वाचून झाल्यावर तिने विचारलं, "हे आईला माहीत आहे?"

"हो, वाइओलाशी बोलले मी."

"वाइओला मावशीला नाही म्हणत. आईला."

तिने कागद उचलला, पेन उचललं आणि बाहेर पडली. मी पाकीट घेऊन मागे गेले.

मातालेनाला घरासमोरच पुरलेलं आहे. आम्ही आमची गेलेली माणसं लांब नेत नाही. सिमेंटचा चौथरा, वर पांढरा रंग, अजून नवा. दुपारी तिथे बायका चटया विणायला बसतात, कुणी कपडे वाळत घालतं. सिएनी चौथऱ्यावर चढून बसली, पाय खाली सोडले आणि कागद माझ्यापुढे धरला.

"तुम्ही लिहिलंत. तुम्हीच वाचून दाखवा तिला."

"सिएनी, बस येईल."

"इंग्रजीत नको. तिला कळेल असं वाचा."

मुलांनो, मी शाळा-तपासनिसांसमोर धडा घेतला आहे, मंत्र्यांसमोर भाषण वाचलं आहे. त्या चौथऱ्यासमोर मी पहिलीतल्या पोरासारखं ओळीवर बोट ठेवलं. आणि वाचलं. "'मातालेना तावीता ही बाई माझी देखभाल करण्यासाठी पगारावर ठेवलेली होती.'"

"पुढे."

"'तिने मला जेवण आणि निवारा दिला, त्याचा मोबदला तिला दरमहा मिळत असे.'"

"पुढे."

"'तिला मी कधीही आई मानले नाही.'"

"हे परत वाचा."

"सिएनी, पुरे."

"तिला उजव्या कानाने कमी ऐकू यायचं. परत वाचा."

मी परत वाचलं. शेजारच्या घरातली बाई झाडू हातात धरून उभी राहिली होती. तिने ऐकलं. माझं तोंड तापलं होतं, लाजेने म्हणा की रागाने म्हणा. आणि मला तिथे, त्या क्षणी कळलं की मी आठ महिने चुकीच्या जागी चिडत होते. फीवर चिडले, डॉक्टरवर चिडले, कापसाच्या काड्यांवर चिडले. ते पैसे होते, वाइओलाने घाम गाळून भरले. पण ही खरी किंमत होती, ही मी एका अकरा वर्षांच्या मुलीच्या हातात पेन देऊन तिच्याकडून वसूल करायला निघाले होते, आणि वर म्हणत होते की बस येईल.

सिएनीने कागद माझ्या हातातून घेतला नाही. म्हणाली, "हा तुमचा. तुमच्याकडेच ठेवा. दुसरा कागद आहे?"

पाकिटात कोरे कागद होते. मी दिला. तिने तो परत माझ्याकडेच सरकवला. "लिहा. मी सांगते. माझ्या इंग्रजीत चुका होतात आणि त्यांना चुका चालत नाहीत."

मी चौथऱ्यावर कागद ठेवला आणि लिहायला बसले. एवढी वर्षं मी मुलांना शुद्धलेखन घातलं. त्या दिवशी मला घातलं.

"मातालेना माझी आई होती," ती म्हणाली. मी लिहिलं. "मला तिला दिलं तेव्हा मी पाच महिन्यांची होते. कागद केला नाही, कारण सगळं गाव जेवायला होतं. तिला पगार नव्हता. पैसे आजोबांच्या औषधाला जायचे." ती थांबली, मी तिला गाठेपर्यंत. "आता ती नाही. म्हणून मी ज्या आईने मला दिलं तिच्याकडे परत जाणार आहे. बाईंनी मुलं दोन लिहिलं. तेव्हा दोन बरोबर होतं. आता तीन बरोबर आहे."

मी पेन उचललं. "अजून?"

"नाही. झालं." तिने सही केली. सिएनी तावीता. वीस वेळा गिरवलेलं नाव नाही, स्वतःचं.

आता मी शिक्षिका आहे, आणि शिक्षिकेने मुलाला पुढचा खड्डा दाखवायलाच हवा. मी म्हटलं, "हे पाठवलं तर ते नाही म्हणू शकतात. फिलिपोने सांगितलं ते आठवतं ना? दिली म्हटलं की वाइओलाचा हक्क जातो. कदाचित तुला जायलाच मिळणार नाही. पलंग, लुसिया, काहीच नाही."

"तुम्ही दिलेल्या कागदाने नक्की मिळेल?"

"नक्की नाही. पण बरीच आशा आहे."

तिने चौथऱ्याचा रंग नखाने जरासा खरवडला. ती काही दगडाची नव्हती. तिला जायचं होतं. त्या घरात, त्या गावात, मी सोडून तिचं रोजचं असं कुणी उरलं नव्हतं आणि मी सत्तरीची. हे तिला माहीत होतं, मलाही. मग ती म्हणाली, "ते नाही म्हणाले तर तुम्ही परत लिहाल?"

"लिहीन."

"परत नाही म्हणाले तर?"

"परत लिहीन. मला लिहिण्याशिवाय काय येतं?"

"मग तुमचापण बदला."

मी माझं निवेदन काढलं. म्हातारी शिक्षिका, नजर कमी. ते फाडलं आणि नव्या कागदावर तीन ओळी लिहिल्या. आठ वर्षांपूर्वी मी जे लिहिलं ते पूर्ण शुद्धीवर लिहिलं होतं. माझी नजर तेव्हाही चांगली होती, आताही आहे. या मुलीच्या कागदातला शब्द न् शब्द खरा आहे, आणि शंका असेल तर ऑफिसातल्या कुणीतरी बसने दीड तास येऊन गावाला विचारावं, आम्ही आठ महिने तोच दीड तास करतो आहोत. शेवटचं वाक्य उद्धट होतं. ते मी मुद्दाम ठेवलं.

तेवढ्यात वळणावर आठच्या बसचा भोंगा वाजला. मी उठू लागले तर सिएनीने माझी बाही धरली. "मावशीचा कागद?"

मला ते सुचलंच नव्हतं. वाइओला तिकडून मी लिहिलेलं उतरवून पाठवणार होती, पगारासकट. दोन कागद एक सांगतील आणि तिसरा दुसरंच.

"तिला विचारायला हवं," मी म्हटलं. "तिच्या स्वतःच्या कागदांचा धोका आहे. ते तिचं तिने ठरवायचं."

बस आली, थांबली. ड्रायव्हरने मान बाहेर काढून विचारलं, "बाई, चढताय की प्रार्थना चाललीय?" मी हाताने जा म्हटलं. पुढची दहाला होती.

सिएनीने माझ्या पिशवीतून फोन काढला आणि लावला. तिकडे यंत्रांची घरघर. "मावशी, मी बोलतेय. बाईंचा कागद उतरवलास का?"

"काल रात्री बसले होते," वाइओलाचा आवाज आला. "दुसऱ्या ओळीपुढे हात जात नाही गं. आज जेवणाच्या सुट्टीत करते. रागावू नकोस."

"तो नको करूस. दुसरा आहे. त्याने कदाचित मला येता येणार नाही. आणि बाई म्हणतात, तुलापण त्रास होईल. ऐकतेस?"

यंत्रं घरघरत राहिली. मग एक दार लागल्याचा आवाज आला, आणि घरघर बंद झाली. "ऐकते," वाइओला म्हणाली. "थांब, पेन घेऊ दे. हं, सांग."

सिएनीने फोन कानाशी धरला, कागद गुडघ्यावर सपाट केला, आणि पहिल्या वाक्यापासून, तिकडे लिहून घेता येईल इतक्या सावकाश, वाचायला लागली.